भिजवायचं नाही, ओलं करायचं

पहिल्या खेपेला मी चाळीस व्हिएतनामी रोल आदल्या रात्रीच करून फ्रीजमध्ये ठेवले होते. मेलबर्नमधल्या आम्हा वसईकरांचं नाताळचं जेवण होतं, दर घरानं एक पदार्थ आणायचा होता, आणि यंदा काहीतरी वेगळं न्यायचं माझ्या डोक्यात बसलं होतं. सकाळी डबा उघडला तर चाळीस रोलांचा मिळून एकच रोल झालेला. एक उचलावा तर शेजारच्याची साल सोलून हातात यायची. वरच्या थरावर झाकण नीट बसलं नव्हतं, ते रोल वाळून चपलेच्या पट्ट्यासारखे चिवट. बायकोनं आधी डब्याकडे बघितलं, मग माझ्याकडे, आणि वाटेत गाडी थांबवून एक केक घ्यायला लावला.

आता महिन्यातून दोनदा तरी आमच्याकडे हे रोल होतात, आणि मी एका वेळी एकापेक्षा जास्त कधीच करत नाही. मधलं सगळं शिकायला पाऊण वर्ष गेलं.

हे आपल्या चायनीजच्या गाडीवरचे तळलेले स्प्रिंग रोल नव्हेत. हे व्हिएतनामी गोई कुऑन. 'गोई' म्हणजे पाल्याची कोशिंबीर, 'कुऑन' म्हणजे गुंडाळणं. तळण नाही, मैद्याची साल नाही. तांदळाचा पारदर्शक कागद आणि त्यात कच्चा पाला. हॉटेलात आत बहुतेक वेळा कोळंबी आणि उकडलेलं डुकराचं मांस असतं, कोळंबीची गुलाबी पाठ सालीतून दिसते आणि फोटो छान येतो. पण आम्ही राहतो मेलबर्नच्या सेंट अल्बन्स उपनगरात. इथल्या आल्फ्रिडा स्ट्रीटवर निम्म्या पाट्या व्हिएतनामीत आहेत, आणि तिथेच मी पहिल्यांदा दुसरा प्रकार खाल्ला: निखाऱ्यावर भाजलेलं बीफ, तांदळाच्या शेवया आणि पाला. व्हिएतनाममध्ये पूर्वी गाईबैल मुख्यतः शेताच्या कामाचे होते, बीफ खाण्याची चाल फ्रेंचांच्या काळात वाढली. नंतर दक्षिणेत तर 'बो बाय मोन', म्हणजे बीफचेच सात पदार्थ ओळीनं वाढायचं जेवण रूढ झालं, आणि त्यातले बरेचसे या कागदात गुंडाळूनच खातात.

आम्ही वसईचे कॅथलिक, त्यामुळे बीफ हा मला परदेशात येऊन लागलेला नाद नाही. लहानपणी रविवारी मिस्सा आटोपून घरी आलं की दारातच रश्श्याचा वास यायचा. महाराष्ट्रात २०१५ साली बैलांच्या कत्तलीवरही बंदी आली, तेव्हापासून गावी मिळतं ते म्हशी-रेड्याचंच. त्याचा धागा जाड. म्हणजे बीफ हे बारीक आचेवर तासभर रटरटवायचं, हेच हाडात भिनलेलं. ते एका मिनिटात होतं हे मला कुणी सांगून पटणार नव्हतं.

तर तो डबा. सव्वीस डिसेंबरला मी तो गठ्ठा घेऊन कुंपणापाशी गेलो. शेजारच्या बाई व्हिएतनामी, साठी ओलांडलेल्या. दक्षिण व्हिएतनामची राजधानी सायगॉन १९७५ साली पडल्यावर होड्यांतून जी माणसं बाहेर पडली, त्यांच्यातल्या. इथं आल्यावर पहिले काही महिने मॅरिबर्नाँगच्या मिडवे या स्थलांतरितांच्या हॉस्टेलमध्ये काढलेले. मी त्यांना 'को' म्हणतो. त्यांच्या नातवानंच शिकवलं; 'को' म्हणजे वडिलांची धाकटी बहीण, आपली आत्या, आणि वयानं मोठ्या बाईलाही तसंच म्हणायचं. कोंनी डब्यात डोकावलं आणि कुंपण धरून हसल्या. मग जे बोलल्या ते त्यांच्या मोडक्या इंग्रजीत होतं, पण त्याहून स्पष्ट मला आजवर कुणी काही सांगितलेलं नाही.

"तू करू नको. सगळे करतात."

मला वाटलं, 'सगळेच करतात, त्यात काय मोठंसं' असं काहीतरी म्हणताहेत. अर्थ कळला तो पुढच्या शनिवारी, त्या स्वतः टोपली घेऊन आमच्या दारात उभ्या राहिल्या तेव्हा.

त्या दिवशी पारा अडतीसवर आणि उत्तरेचा कोरडा वारा सुटलेला. मी उत्साहानं कोळशाची पिशवी बाहेर काढली, तर कोंनी आधी वाऱ्याकडे बोट केलं, मग माझ्या फोनकडे. टोटल फायर बॅन होता. व्हिक्टोरियात उन्हाळ्यात असे दिवस जाहीर होतात. त्या दिवशी उघड्यावर कोळसा-लाकूड पेटवायचं नाही, गॅसची शेगडीही अटी पाळूनच. आमच्याकडे गॅसची नव्हतीच. म्हणून बिडाचा तवा, घरात. साखर लावलेलं मांस तापल्या बिडावर पडल्यावर जो धूर झाला, त्यानं छतावरचा अलार्म बोंबलायला लागला. नाइट करून झोपलेली बायको उठून आली, तिनं स्टुलावर चढून तो बंद केला आणि एक अक्षर न बोलता परत गेली. कोळशावर भाजायचा मुहूर्त आणखी आठवड्यानं लागला.

मांसाचं आधी सांगतो, कारण वेळ त्यालाच लागतो. चार माणसांना सहाशे ग्रॅम पुरतं. मी रम्प, म्हणजे मागच्या पुठ्ठ्याचं, घेतो; फ्लँक, म्हणजे पोटाकडचं, तेही चालतं. पाऊण तास फ्रीझरमध्ये ठेवायचं, दगड होऊ द्यायचं नाही, कडा घट्ट झाल्या की काढायचं. मग सुरी सरळ चालते आणि दोन-तीन मिलिमीटरचे काप पडतात. धाग्याला आडवं कापायचं. धाग्याच्या दिशेनं कापलं तर रोलचा पहिला घास घेताना आख्खा तुकडा दातांबरोबर बाहेर येतो आणि हातात नुसता पाला उरतो. पाहुण्यांसमोर एकदा झालं की पुन्हा चूक होत नाही. गावी म्हशीच्या मांसावर करून बघायचं असेल तर याहून पातळ कापा.

त्याला लावायचं ते मुख्यतः गवती चहा. व्हिएतनामीत 'सा'. इथं माझी फार गंमत झाली. आमच्या विहिरीजवळ गवती चहाचं बेट होतं, आम्ही वर्षानुवर्षं त्याची पात कापून चहात टाकली. बुंध्याकडे कधी कुणी बघितलंही नाही. मी कोंसमोर पाती कात्रीनं कापून घेतल्या आणि पांढरे बुंधे कचऱ्याच्या बादलीत टाकले. त्यांनी काही न बोलता ते बादलीतून काढले, धुतले, आणि माझ्या पाती तिथं टाकल्या. बुंध्याची बाहेरची दोन-तीन सालं काढायची, आतला कोवळा भाग आधी चकत्या करून मग बारीक कापायचा आणि खलबत्त्यात कुटायचा. मिक्सरला लावला तर दोऱ्या सुटतात आणि जेवणानंतर तासभर जीभ दातांच्या फटींत फिरत राहते. तीन बुंधे, चार-पाच लसूण पाकळ्या, दोन छोटे कांदे, दोन चमचे फिश सॉस, दीड चमचा साखर, मिरपूड, दोन चमचे तेल. एक तास पुरतो. मीठ घालायचं नाही; ते फिश सॉसमध्ये आहेच.

फिश सॉसबद्दल आमच्या गावच्या माणसाला वेगळं समजवावं लागत नाही. मोतेली ही छोटी मासळी आणि मीठ, साधारण तिनाला एक, लाकडी पिंपात वर्षभर, आणि खाली जे तांबूस पाणी गळतं ते. फू क्वॉक बेटावरचं सगळ्यात नावाजलेलं, त्या नावाला २०१२ मध्ये युरोपीय महासंघानं संरक्षणही दिलं. बाटलीवर ३० किंवा ४० असा आकडा असतो, तो एका लिटरमध्ये किती ग्रॅम नायट्रोजन ते सांगतो. आकडा मोठा तेवढी मासळी जास्त आणि पाणी कमी. चोळायला तिशीची बाटली, चटणीला चाळिशीची, हा माझा हिशेब. कोंना विचारलं तर त्यांनी खांदे उडवले. त्यांच्याकडे एकच बाटली असते आणि ती मी आजवर रिकामी झालेली बघितली नाही.

निखाऱ्यावर पातळ काप सुटे टाकले तर अर्धे शेगडीच्या गजांतून खाली जातात. कोंच्या टोपलीतून निघाली ती दोन पाखांची तारेची जाळी, बिजागरी लावलेली, पुस्तकासारखी मिटते. काप एका थरात लावायचे, मिटायचं, निखाऱ्याच्या अगदी जवळ धरायचं. एका बाजूला जेमतेम मिनिट, उलटून पाऊण. कडा काळपट झाल्या, चरबी टपकून धूर आला, की बास. मी दोन वेळा "आणखी थोडं?" विचारलं. तासभर रटरटवणाऱ्या घरातला माणूस, विचारणारच. तिसऱ्यांदा विचारल्यावर त्यांनी एक तुकडा काढून सरळ माझ्या तोंडात घातला. तो विषय तिथे संपला.

शेवयांत मी जो घोळ घातला तो पाकिटामुळे. दुकानात दोन्हींवर इंग्रजीत एकच नाव असतं. मी उचलली ती मुगाच्या पिठाची, शिजल्यावर काचेसारखी होते आणि रोलमधून निसटून मांडीवर पडते. हवी ती तांदळाची, पांढरी, व्हिएतनामीत 'बून'. आपल्या शिरवाळ्यांची जात. सोऱ्यातून पाडायच्या, फक्त त्या थेट उकळत्या पाण्यात पडतात. सुकी बून पाच मिनिटं उकळा, गार पाण्याखाली हातानं चोळून धुवा, आणि चाळणीत अर्धा तास निथळत ठेवा. ओली शेवई कागद आतून फाडते.

आता कागद. बान त्रांग. बावीस सेंटिमीटरची गोल चकती घेतो. पाकीट फोडून एक चकती उजेडासमोर धरली तर तिच्यावर बांबूच्या विणीची जाळी उमटलेली दिसते, कारण ती बांबूच्या तट्ट्यांवर वाळत घालतात. ती जाळी बघितली आणि मला एकदम सालपापडी आठवली. आई दरवर्षी उन्हाळ्यात करायची: तांदूळ तीन दिवस भिजवून वाटायचे, पातळ पीठ ताटलीवर फिरवून वाफेवर धरायचं आणि पिकल्या केळ्याची साल काढावी तशी अलगद सोडवून खाटेवर पसरायची. आम्ही पोरं त्या खाटेखाली बसायचो, ओली सालपापडी पळवायला. बान त्रांगची कृती हीच. फक्त हल्लीच्या पाकिटातल्यांत तांदळाबरोबर टॅपिओकाचं पीठ असतं, म्हणजे आपला साबुदाणा ज्या कंदापासून होतो तो. त्यानं कागद पातळ निघतो, ताणला जातो, आणि हाताला चिकटतोही त्यामुळेच.

माझी सगळ्यात मोठी चूक इथं होती. मी गरम पाणी घ्यायचो आणि चकती पूर्ण मऊ होईपर्यंत, अर्धा मिनिट तरी, बुडवून ठेवायचो. उचलली की ती ओल्या रुमालासारखी स्वतःवरच पडायची आणि मग सुटायची नाही. को पाणी साधंच घेतात, हाताला कोमट लागेल इतकंच. चकती ताठच त्यात फिरवायची, बैलगाडीच्या चाकासारखी, कडेकडेनं, दोन-तीन सेकंद. बाहेर काढली तरी ती कडक असते, वाटतं, विसरल्या. ताटलीवर ठेवायची, आत पाला-मांस मांडायला घ्यायचं, आणि तेवढ्या वेळात ती आपोआप मऊ होते. वर राहिलेलं पाणी ती पीत असते. म्हणजे भिजवायचं नाही, ओलं करायचं. ताटली मात्र आधी ओल्या फडक्यानं पुसलेली हवी, कोरड्या लाकडी पाटावर ठेवलात तर पाटासकट खा.

आणि "सगळे करतात" याचा अर्थ हाच होता. स्वयंपाकघरात रोल होतच नाहीत. टेबलाच्या मधोमध भाजलेलं बीफ, शेवयांचा ढीग, पाल्याची परात, काकडीच्या लांब फोडी, अननसाचे तुकडे, पाण्याचं भांडं, कागदांची चळत. ज्यानं त्यानं आपला वळायचा, बुडवायचा, खायचा, पुढचा घ्यायचा. बांधल्यापासून तोंडात जाईपर्यंत मिनिटभरही जात नाही, मग तो चिकटणार कधी आणि वाळणार कधी? मी चाळीस रोल वळण्यात एक आख्खी संध्याकाळ घालवली होती. ज्या घरचा हा पदार्थ, तिथं यजमानाचं काम फक्त मांडून ठेवण्याचं.

वळताना कागदाच्या खालच्या तिसऱ्या हिश्शात लेट्यूसचं पान, ते काड्या आणि टोकं सांभाळून घेतं. त्यावर चिमूटभर शेवया, जेवढ्या घ्याव्याशा वाटतील त्याच्या निम्म्या. मग पाला, काकडी, दोन काप बीफ. खालची कड वर आणून बोटांनी आत ओढायची, दोन्ही बाजू दुमडायच्या, पुढे लोटत न्यायचं. आमची बारा वर्षांची लेक पहिल्याच दिवशी माझ्यापेक्षा घट्ट वळायला लागली. तिनं शेवया कमी घेतल्या होत्या, एवढंच.

पाल्यात पुदिना आणि कोथिंबीर आपलीच. लांब जांभळट देठाची तुळस असते, ती सब्ज्याच्या जातीची. चावली की बडीशेपेचा वास. एका बाजूनं हिरवं, दुसऱ्या बाजूनं जांभळं असं 'तिया तो'चं पान बीफबरोबर सगळ्यात खुलतं, ते टाळू नका. आणि 'दिएप का' नावाचं एक हृदयाच्या आकाराचं पान आहे, त्याला चक्क कच्च्या मासळीचा वास येतो. नावातलं 'का' म्हणजे मासाच. लेकीला ते बिलकूल चालत नाही. मी पहिल्यांदा खाल्लं तेव्हा वाटलं, पाला बाजारात मासळीच्या पिशवीत ठेवला होता.

बुडवायला दोन चटण्या. साधी ती नुक चाम: एक वाटी कोमट पाण्यात पाव वाटी साखर आधी पूर्ण विरघळवायची, गार झाल्यावर पाव वाटी लिंबाचा रस, पाव वाटी फिश सॉस. लसूण-मिरची बारीक चिरून अगदी शेवटी. मग ती वर तरंगते आणि दिसायला बरी दिसते. दुसरी माम नेम. ती आंबवलेल्या मोतेलीची, गाळीव नाही, दाट आणि करडी, अननस कुटून घालतात. बीफचा खरा जोडा हिचाच. बाटली उघडल्यावर घरात जो दरवळ सुटतो, त्याबद्दल बायकोचं म्हणणं असं की ही बाटली कोंच्या घरी राहील आणि लागेल तेव्हा वाटीनं आणायची. तसंच ठरलं आहे.

मार्चमध्ये आई तीन महिन्यांसाठी आली. विमानतळावर तिनं फॉर्मवर सालपापड्या लिहिल्या होत्या. अधिकाऱ्यानं पाकीट उघडून एकेक उजेडात धरून बघितली आणि जाऊ दिली. पहिल्याच रविवारी कोंना जेवायला बोलावलं. मला वाटलं होतं, कच्चा पाला बघून आई नाक मुरडेल. मुरडलंच. "शेळीला वाढलंय का?" पण कागद हातात आल्यावर तिनं दुसऱ्या झटक्यात रोल वळला, अळूवडीचा वळतात तसा, अंगठ्यांनी आत दाबत, घट्ट आणि सरळ. कोंनी तो उचलून माझ्या रोलशेजारी ठेवला आणि नातवाला काहीतरी म्हणाल्या. नातवानं भाषांतर करायचं टाळलं.

गंमत पुढची. 'दिएप का'चं पान आईनं हुंगलं, थांबली, पुन्हा हुंगलं, आणि मागून मागून खाल्लं. माम नेमच्या वाटीत तर तिनं बोट घालून चाटलं. "जवळ्याची आठवण आली," म्हणाली. बायको तेव्हा खिडकी उघडत होती.

जेवणानंतर आईनं सालपापड्यांचं पाकीट काढलं, तळून दाखवायला. तेल तापेपर्यंत कोंनी एक उचलली, उजेडासमोर धरली, ताटलीची कड उमटलेली बघितली, मान डोलावली, आणि कुणी अडवायच्या आत पाण्याच्या भांड्यातून कडेकडेनं फिरवून काढली. दोन-तीन सेकंद. मग ताटलीवर ठेवून त्यावर पान, शेवया, बीफ मांडायला सुरुवात केली. आम्ही सगळे बघत राहिलो. सालपापडी जाड, त्यात टॅपिओका नाही. वळायला घेतल्याबरोबर तिचे तीन तुकडे झाले. कोंनी एक तुकडा तोंडात टाकला, बराच वेळ चावला आणि नातवाकडे वळून दोन शब्द बोलल्या.

"आजी विचारतेय," तो म्हणाला, "जिरं कशाला घातलं?"

मी आईला सांगितलं. आईनं कढईतली फुललेली सालपापडी झाऱ्यावर निथळत धरली होती.

"तिला म्हणावं, तुमच्या पाल्याला मासळीचा वास चालतो, मग आमच्या पापडीत जिरं का नको?"

नातवानं हेही भाषांतर केलं नाही.